घरोघरी मातीच्या चुली : मगनवाडीची धूररहित चूल ते ओट्यावरचा हॉब

१/
गेल्या उन्हाळ्यात आमच्या वर्ध्याच्या घरी स्वयंपाकघराचे काम निघाले. ओटा नवा, फरशी नवी, तेव्हा शेगडीही नवीच घ्यावी असे ठरले. दुकानदाराने काचेचे हॉब दाखवले : ओट्याच्या दगडात कापून बसवायचे, तीन बर्नरचे, चार बर्नरचे. आई मला म्हणाली, "एवढा इतिहास शिकतेस, यातले काही कळते का?" प्रश्न चेष्टेचा होता. परंतु त्याच दिवसांत मी एम.ए.च्या प्रबंधासाठी अखिल भारतीय ग्रामोद्योग संघाविषयी वाचत होते. आईचा प्रश्न आमच्या घरापासून सायकलच्या अंतरावर, मगनवाडीत, ऐंशीएक वर्षांपूर्वी विचारला गेला होता. आपल्या स्वयंपाकाला कोणती चूल योग्य? हा धागा त्या प्रश्नाचा.

२/
आधी शब्द पाहू. मराठीत चूल हे साधनही आहे आणि कुटुंबाचे दुसरे नावही. भाऊ विभक्त झाले की 'चूल वेगळी झाली' म्हणतात. कार्यप्रसंगी घरातल्या सर्वांना, त्या दिवशी घरात चूल पेटूच नये अशा बेताने, जेवायला बोलावले तर ते 'चूलबंद' आमंत्रण. भारतीय जनगणनेतही कुटुंब म्हणजे सामान्यतः एकत्र राहणारी आणि एकाच स्वयंपाकघरात जेवणारी माणसे. 'घरोघरी मातीच्याच चुली' ही म्हण सर्वांची दुःखे सारखीच, असे सांगते. इतिहासाच्या विद्यार्थ्याने मात्र या म्हणीपाशी क्षणभर थांबावे. चुली मातीच्या होत्या हे खरे. पण त्यांच्यापुढे बसणाऱ्यांचे दुःख कुणी कधी मोजले होते का?

३/
चूल हे ओबडधोबड साधन आहे, हा समज प्रथम बाजूला ठेवू. पुणे जिल्ह्यातील इनामगावच्या उत्खननात ताम्रपाषाणयुगीन घरांत चुलींचे अवशेष मिळाले. म्हणजे या वस्तूमागे तीन हजार वर्षांहून अधिक काळाचा अनुभव आहे. आजीच्या चुलीकडे नीट पाहा. तीन बाजूंनी मातीची भिंत, समोर जळण सारायचे तोंड, वर भांडे टेकायला उंचवटे. शेजारी वैल : मुख्य चुलीतली झळ आतल्या भोकातून तिकडे जाते आणि वरण मंद आचेवर शिजत राहते. तोंडाशी ओढलेला आर, त्याच्या कडेला उभी करून भाकर शेकायची. एकाच जाळावर तीन प्रकारची उष्णता, तीही एका वेळी. आज हॉबवर एक मोठा, एक मध्यम आणि एक लहान बर्नर असतो, तो याच गरजेपोटी.

४/
आता जळण. वर्धा जिल्हा १८६२ साली नागपूरपासून वेगळा झाला. त्याच सुमारास अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे हिंदुस्थानातल्या कापसाला अचानक भाव आला. १८६७ मध्ये रेल्वे नागपूरला पोचली आणि हिंगणघाटच्या बाजारातला कापूस मुंबईच्या गोदीला जोडला गेला. काळ्या मातीत कापूस आणि त्याच्या ओळींमध्ये तूर, हे या खोऱ्याचे रूप. त्यामुळे इथले जळणही शेतातूनच येई : पऱ्हाट्या, तुराट्या आणि गोवऱ्या. शेजारच्या वरोऱ्याला १८७०च्या दशकात दगडी कोळशाची खाण सुरू झाली, तिच्यासाठी खास रेल्वेमार्ग टाकला गेला. तो कोळसा इंजिनांना मिळाला. चुलीच्या वाट्याला पऱ्हाटीच राहिली.

५/
पऱ्हाटीचा स्वभाव समजल्याशिवाय पुढचा इतिहास समजत नाही. ती भर्रकन पेटते आणि तितक्याच वेगाने राख होते. लाकडाचे ओंडके एकदा लावले की बाई चार पावले इकडेतिकडे जाऊ शकते. पऱ्हाटी सतत सारावी लागते, फुंकणीने फुंकावी लागते, आणि त्यासाठी तोंड चुलीच्या तोंडाशी न्यावे लागते. ओलसर असेल तर धूर दुप्पट. गोवरी उलट संथ जळते, दूध तापवायला आणि पानगे भाजायला उत्तम. पण धूर तिचाही दाट. म्हणजे कोणते पीक निघाले यावर कोणते जळण मिळाले हे ठरत होते, आणि कोणते जळण मिळाले यावर बाईने दिवसातले किती तास धुरात बसायचे हे.

६/
वसाहतकाळातल्या तज्ज्ञांनी चुलीकडे पाहिलेच नाही, असे नाही. जॉन ऑगस्टस व्हॉल्कर या रसायनशास्त्रज्ञाने हिंदुस्थानात फिरून १८९३ साली येथील शेतीच्या सुधारणेवर अहवाल दिला. शेण जळते, म्हणून शेतांना खत मिळत नाही. लोकांना सरपण उपलब्ध करून दिले तर शेण शेतात जाईल, असा त्याचा युक्तिवाद होता. निरीक्षण अचूक होते. पण त्या हिशेबात एका बाजूला शेत, दुसऱ्या बाजूला शेण आणि मध्ये उत्पादनाचे आकडे. चुलीपुढे बसलेल्या माणसाच्या डोळ्यांचा व छातीचा रकाना त्या ताळेबंदात नव्हता.

७/
तो रकाना उघडण्याचा एक महत्त्वाचा प्रयत्न वर्ध्यात झाला. १९३४च्या ऑक्टोबरमध्ये मुंबईच्या काँग्रेस अधिवेशनाने ग्रामोद्योगांसाठी स्वतंत्र संस्थेला मान्यता दिली आणि डिसेंबरमध्ये अखिल भारतीय ग्रामोद्योग संघ स्थापन झाला. जमनालाल बजाज यांनी त्यासाठी वर्ध्यातली आपली बाग दिली. गांधीजींचे सहकारी मगनलाल गांधी १९२८ साली वारले होते. त्यांच्या स्मरणार्थ त्या जागेचे नाव मगनवाडी झाले. १९३६ साली शेगावला, म्हणजे आजच्या सेवाग्रामला, मुक्काम हलवण्यापूर्वी गांधीजी याच मगनवाडीत राहत. संघाचे सचिव होते जे. सी. कुमारप्पा : लंडनमध्ये हिशेबतपासनीस झालेले, न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात अर्थशास्त्र शिकलेले आणि आता वर्ध्यात घाणी, हातसडीचा तांदूळ, हातकागद आणि मधमाश्या यांचा हिशेब मांडणारे.

८/
कुमारप्पांचा विचार चुलीशी थेट जोडलेला आहे, म्हणून तो थोडक्यात सांगते. निसर्गातली संपत्ती त्यांनी दोन प्रकारांत विभागली. एक साठ्याची : कोळसा, खनिज तेल, धातू, वापराल तेवढी कमी होणारी. दुसरी प्रवाहाची : झाड, पीक, पशू, माणसाचे श्रम; नीट सांभाळली तर पुन्हा पुन्हा मिळणारी. साठ्यावर उभे राहिलेले अर्थकारण त्या साठ्याच्या ताब्यासाठी युद्धाकडे जाते, असे ते मानत. मगनवाडीत तयार झालेला 'मगनदीप' हा कंदील म्हणूनच रॉकेलऐवजी वनस्पतितेलावर जळणारा होता. रॉकेल ही साठ्याची वस्तू, परदेशी कंपन्यांच्या हातातली. निंबोळी वा करंजीचे तेल गावचे.

९/
पण दिव्याहून मोठा प्रश्न चुलीचा. जळण प्रवाहाचे असले तरी ते नव्वद टक्के वाया जात असेल तर प्रवाह आटणारच. उघड्या चुलीत जळणातल्या उष्णतेपैकी साधारण दहावा भाग भांड्याला लागतो. बाकीची उष्णता भिंतीला, हवेला आणि स्वयंपाक करणारीच्या चेहऱ्याला. या विचारातून मगनवाडीत 'मगन चूल' घडली आणि १९४७च्या सुमारास ती देशापुढे आली. साहित्य मातीचेच, जळण गावचेच. बदलला तो आतला मार्ग. जळणाचा कोठा बंदिस्त. त्यातून निघालेली तप्त हवा पहिल्या भांड्याखालून दुसऱ्याखाली आणि शेवटी धुराड्यातून बाहेर. मध्ये एक झडप, तिने ओढ कमीजास्त करायची. ओढ फार झाली तर उष्णता धुराड्यातून पळते, कमी झाली तर धूर घरात परततो. वैलाची जुनी कल्पनाच अधिक शिस्तीने वापरली, असेही म्हणता येईल.

१०/
या चुलीचे महत्त्व कशात? जळण वाचवणारी चूल, एवढ्यावर तिचे वर्णन संपत नाही. धूर हा स्वयंपाकाचा अटळ सोबती आहे, हे तिने अमान्य केले. १९५३ साली हैदराबादच्या अभियांत्रिकी संशोधन प्रयोगशाळेतले एस. पी. राजू यांनी धूररहित स्वयंपाकघरांवर पुस्तक लिहिले आणि त्यांची चूल अधिक गाजली. पुढे देशभरात धुराड्याच्या जेवढ्या 'सुधारित चुली' झाल्या, त्यांच्या वंशवेलीत मगन चूल आरंभीच येते. वर्धा म्हटले की चरखा आठवतो. चुलीची आठवण कुणी काढत नाही.

११/
धुराने नेमके काय होते, याचा वैद्यकीय पुरावा नंतर आला. १९५०च्या दशकात दिल्लीत हृदयरोगतज्ज्ञ डॉ. एस. पद्मावती यांना एक कोडे पडले. फुप्फुसांच्या जुनाट विकाराने हृदय थकते, हा आजार पाश्चात्त्य देशांत मुख्यतः धूम्रपान करणाऱ्या पुरुषांचा. दिल्लीत तो स्त्रियांतही तितकाच दिसत होता आणि त्या विडी-सिगारेट ओढत नव्हत्या. बोट चुलीच्या धुराकडे गेले. १९८०च्या दशकाच्या आरंभी कर्क स्मिथ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गुजरातमधल्या काही खेड्यांत स्वयंपाक करणाऱ्या बायकांच्या अंगावरच मोजणीची साधने लावून हवा तपासली. शहरातल्या रस्त्यावरच्या हवेची चर्चा जगभर होत होती. चुलीपुढची हवा तिच्याहून कितीतरी घातक निघाली.

१२/
इथे घरातली एक गोष्ट सांगते. माझ्या आजीचे आयुष्य देवळी तालुक्यातल्या एका गावात गेले. तीन वर्षांपूर्वी तिला धाप लागू लागली, तेव्हा तपासणाऱ्या डॉक्टरांनी पहिला प्रश्न विचारला, "आजी, विडी ओढत होता का?" आजी खळखळून हसली. "नाही बाप्पा, मी त चूल फुकत होती." डॉक्टर हसले नाहीत. त्यांनी मान डोलावली आणि कागदावर काहीतरी लिहिले. पद्मावतींचे काम मी त्यानंतर शोधून वाचले. दिल्लीतल्या त्या रुग्ण स्त्रिया आणि माझी आजी यांच्यामध्ये साठ-पासष्ट वर्षे आहेत, हे लक्षात आले तेव्हा बराच वेळ पुढचे पान उलटवले नाही.

१३/
मग धूररहित चूल घरोघरी का पोचली नाही? याचे उत्तर शोधताना 'लोक मागासलेले' असे म्हणून सुटका करून घेता येत नाही. बंदिस्त चुलीच्या अडचणी स्वयंपाक करणारीच्या जागी बसून पाहा. भाकर आरावर शेकायची तर तोंडाशी निखारे ओढायला जागा हवी. कोठा बंद केला की ती जागा आकसते. ठरलेल्या भोकांवर ठरलेल्या आकाराचीच भांडी नीट बसतात. बारा जणांचे पातेले आले की फट राहते आणि धूर तिथूनच निघतो. धुराडे कवेलूंच्या छपरातून काढले की पावसाळ्यात तिथे गळते. काजळी खरवडली नाही तर दोन-तीन महिन्यांत ओढ मंदावते. झडपेचे तर्कशास्त्र कुणी समजावून सांगितले नसेल तर ती एकदा उघडली ती उघडीच.

१४/
आणखी एक गोष्ट प्रयोगशाळेत दिसत नाही. धुराचे घरात काम होते. कवेलूंखालची लाकडे आणि टांगलेले बियाणे त्याने किडीपासून वाचत, पावसाळ्यात डास कमी होत, थंडीत खोली उबदार राही. म्हणून धूर चांगला होता असे नव्हे. पण एका वस्तूची चार कामे असताना त्यातले एकच काम सुधारून उरलेली तीन काढून घेतली, तर घर त्याला सुधारणा म्हणत नाही. तंत्रज्ञानाच्या इतिहासात ही चूक वारंवार भेटते.

१५/
१९८०च्या दशकात शासन या क्षेत्रात मोठ्या प्रमाणावर उतरले. १९८३ मध्ये सुधारित चुलींचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला. स्थिर चुलीची कार्यक्षमता किमान २० टक्के हवी, हा निकष ठरला. २००२ पर्यंत देशात तीन कोटींहून अधिक चुली वाटल्या किंवा बांधल्या गेल्या आणि त्यानंतर केंद्राने कार्यक्रम बंद केला. यशाचे माप होते लक्ष्यांक : किती बांधल्या. पाच वर्षांनी किती पेटत होत्या, हा प्रश्न मागे पडला. पुढे ओडिशात रीमा हॅना, एस्थर डफ्लो आणि मायकेल ग्रीनस्टोन यांनी सुधारित चुली मिळालेल्या घरांचा अनेक वर्षे मागोवा घेतला. पहिल्या वर्षी धूर घटला. नंतर फरक जवळजवळ पुसला गेला, कारण चुली वापरल्या गेल्या नाहीत आणि त्यांची डागडुजीही झाली नाही.

१६/
महाराष्ट्रातल्या प्रयत्नांचा उल्लेख केल्यावाचून पुढे जाता येत नाही. डॉ. आनंद कर्वे यांच्या पुढाकाराने पुण्यात उभ्या राहिलेल्या 'आरती' या संस्थेने दोन भांड्यांची, धुराड्याची 'लक्ष्मी' चूल प्रसारात आणली. ती साच्यातून घडवता येई, म्हणून गावचा कुंभारही ती बनवून विकू शके. म्हणजे बांधणाऱ्याचाही संसार चालावा, हा विचार त्यात होता. आणि आपल्या वर्ध्यात देवेंद्रकुमार यांनी १९७६ साली स्थापन केलेल्या ग्रामोपयोगी विज्ञान केंद्राने मगनवाडीचा वारसा पुढे चालवला. गोबर गॅस हा त्यांच्या कामातला महत्त्वाचा भाग होता.

१७/
गोबर गॅसने व्हॉल्करचे कोडे सोडवले असे वाटत होते. शेण जाळायचेही आणि खतही वाचवायचे! मुंबईत माटुंग्याच्या कुष्ठरुग्णालयात १८९७ सालीच मैल्यापासून मिळालेला वायू दिव्यांसाठी वापरला गेला होता. १९५१ मध्ये जशभाई पटेल यांनी 'ग्रामलक्ष्मी' संयंत्र तयार केले आणि पुढच्या दशकात खादी ग्रामोद्योग आयोगाने ते स्वीकारले. साधारण २५ किलो शेणातून एक घनमीटर वायू मिळतो. निळी, धूररहित ज्योत आणि वर उत्तम स्लरी. अडचण एकच : त्यासाठी दावणीला जनावरे हवीत, रोज तेवढेच पाणी हवे, अंगणात जागा हवी. भूमिहीन मजुराच्या घरी यातले काहीच नसते. तिथे पऱ्हाटीही वेचूनच आणावी लागते.

१८/
दरम्यान शहरांत आणि तालुक्यांच्या गावी रॉकेलचा स्टोव्ह आला. 'रॉकेल' हा आपला शब्दच मुळी 'रॉक ऑइल'चा मराठी अवतार. स्वीडनमध्ये १८९२ साली घडलेल्या हवा भरायच्या प्रायमस स्टोव्हने जग जिंकले. त्याची फुरफुर ऐकतच आपल्या आधीच्या दोन-तीन पिढ्यांनी सकाळचा चहा प्याला. काजळी कमी, जाळ जोरदार, पाहिजे तेव्हा पेटणारा. पण दाबाखालचे तेल, पिनने उघडायचे छिद्र आणि नायलॉनची साडी हा मेळ भयंकर होता. 'स्टोव्हचा भडका उडून विवाहितेचा मृत्यू' ही वृत्तपत्रातली ठरावीक ओळ झाली. त्या ओळीआड किती अपघात आणि किती खून दडले, हा प्रश्न स्त्री-चळवळीने रस्त्यावर आणला. भारतीय दंडसंहितेत १९८३ साली कलम ४९८-अ आणि १९८६ साली हुंडाबळीचे कलम ३०४-ब आले. त्या कायद्यांची पार्श्वभूमी सांगताना स्वयंपाकघर वगळता येत नाही.

१९/
गॅस मुंबईत १९५०च्या दशकात आला, 'इंडेन'ची पहिली जोडणी १९६५ साली कलकत्त्यात झाली, आणि नंतरची कित्येक वर्षे मध्यमवर्गीय मराठी घरांत 'गॅसचा नंबर लागला का?' हा प्रश्न मुलाच्या नोकरीइतक्याच गांभीर्याने विचारला जाई. गॅसबरोबर शेगडी जमिनीवरून ओट्यावर चढली आणि स्वयंपाक करणारी बसलेली उठून उभी राहिली. हा बदल शरीराचा होता, घराच्या रचनेचा होता. १ मे २०१६ रोजी उज्ज्वला योजना सुरू झाली आणि तिची आठ कोटीवी जोडणी सप्टेंबर २०१९ मध्ये आपल्याच औरंगाबादेत, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरात, दिली गेली.

२०/
तरी आमच्या गावच्या घरी मागच्या पडवीत चूल आहेच. गॅस आहे, सिलिंडर भरलेले आहे, आणि चूलही पेटते. अभ्यासक याला इंधनांची थप्पी म्हणतात : नवे साधन जुन्याला हटवत नाही, त्याच्या शेजारी बसते. चहा गॅसवर, आंघोळीचे पाणी चुलीवर. भाजी गॅसवर, पानगे गोवऱ्यांच्या आरात. पऱ्हाटी फुकट, गॅसला रोख पैसे लागतात, आणि कापूस विकेपर्यंत रोख पैसा हातात नसतो. आजीला एकदा गॅसवर भाकरी टाकायचा आग्रह केला, तर तिने ज्योतीकडे पाहून विचारले, "अन् इंगय कुठी आहे यात? मंग भाकर शेकू कायच्यावर?" कुमारप्पांच्या भाषेत आजी प्रवाहाच्या बाजूची आणि आम्ही साठ्याच्या. फुप्फुसांच्या भाषेत मात्र हा हिशेब नेमका उलटा होतो. दोन्ही हिशेब एकाच वेळी खरे आहेत, आणि इतिहासाने मला दिलेली सर्वांत अवघड गोष्ट ती हीच.

२१/
आता आईच्या प्रश्नाकडे परत. मगन चुलीच्या इतिहासातून मी चार कसोट्या काढल्या. पहिली, अन्न : आपण काय शिजवतो? ज्वारीच्या भाकरीला रुंद, जाड तवा आणि त्याला कडेपर्यंत पुरणारी ज्योत हवी. फोडणीला तीव्र जाळ हवा, वरणाला मंद. दुसरी, भांडी : मोठे बर्नर जवळजवळ असतील तर तवा आणि पाच लिटरचा कुकर शेजारी बसत नाहीत. गोल बुडाची कढई पातळ जाळीवर डुगडुगते. तिसरी, निगा : ज्वारीचे पीठ बर्नरच्या छिद्रांत पडतेच, वरण उतू जातेच, बर्नर सुटा करून धुता येतो का? ज्योत विझली तर गॅस आपोआप बंद करणारी सोय आहे का? चौथी, हवा : कापून बसवलेल्या हॉबखालचे कपाट बंद असेल तर बर्नरला हवा कमी पडते आणि ज्योत पिवळी होते. घरगुती गॅस शेगडीची कार्यक्षमता किमान ६८ टक्के असावी, असे भारतीय मानक सांगते. पण पिवळ्या ज्योतीवर ते प्रमाणपत्र भांडी काळी होण्यापासून वाचवत नाही.

२२/
इंडक्शनचे काय? उष्णता सरळ भांड्याच्या बुडात निर्माण होते, म्हणून वाया फार कमी जाते. धूर नाही, ज्योत नाही. पण बूड सपाट हवे आणि लोहचुंबक चिकटेल असे हवे. म्हणजे ॲल्युमिनियमचे पातेले, पितळी गंज आणि मातीचे भांडे बाद. वांग्याचे भरीत ज्योतीशिवाय होत नाही. उपड्या मातीच्या भांड्यावरची लांब पोळी तर गॅसवरही अवघड. आणि वीज गेली की सारेच थांबते. दूध, चहा, भात यांसाठी दुसरे साधन म्हणून इंडक्शन उत्तम; पुन्हा तेच, मुख्य चूल आणि शेजारी वैल.

२३/
एवढे सगळे मी आईला मोठ्या उत्साहाने सांगितले. तिने शांतपणे ऐकले, आणि दुसऱ्या दिवशी एका पिशवीत आपला भाकरीचा तवा, कढई आणि कुकर घालून दुकानात गेली. दुकानदार आधी हसला. आईने एकेका हॉबवर तिन्ही भांडी एकाच वेळी ठेवून पाहिली. चार बर्नरच्या झुळझुळीत काचेवर तवा ठेवला की कुकरला जागा उरेना. शेवटी तिने ओट्यावर ठेवायची साधी, तीन बर्नरची शेगडी घेतली : अंतर मोकळे, आधाराची जाळी जाड, उचलून खालून पुसता येणारी. माझ्या चार कसोट्या तिच्या एका पिशवीत मावल्या होत्या.

२४/
मग आजीलाही तेच विचारावे असे ठरले. तिची चूल बंद करायची नाही. पण ती कुठे आणि कशी असावी, हे तिनेच सांगायचे. तिने पडवीच्या उघड्या बाजूची जागा दाखवली, तोंड वाऱ्याच्या उलट दिशेला नको म्हणाली, तवा ठेवून रुंदी ठरवली आणि वैलामागे धुराडे काढायला आढेवेढे न घेता होकार दिला. "आर ओढाले जागा ठेवजा," एवढीच तिची अट. काम दोन दिवसांत झाले. धाप त्याने बरी होणार नाही, ती आता आयुष्यभराची आहे. पण स्वयंपाकाच्या वेळी डोळ्यांतून पाणी येत नाही, असे ती मागच्या आठवड्यात फोनवर म्हणाली.

२५/
मित्रांनो, वर्ध्याला आलात तर सेवाग्रामबरोबर मगनवाडीही पाहा. तिथले मगन संग्रहालय गांधीजींच्या हस्ते ३० डिसेंबर १९३८ रोजी उघडले गेले. आणि तुमच्या घरी जुनी चूल, स्टोव्ह किंवा पहिली गॅस शेगडी असेल, तर तिच्यावर स्वयंपाक केलेल्या माणसाशी एकदा बोला : जळण कोणते होते, ते कोण आणत असे, धूर कुठून जाई, भाकर कुठे शेकत. उत्तरे तारीख घालून लिहून ठेवा. या विषयाचे दप्तर अजून फारसे कुणी बांधलेले नाही, आणि ज्यांच्याजवळ ते आहे त्या बायका आता ऐंशीच्या पुढे आहेत.